मैना कुणाच्या दावणीची

३ फेब्रुवारी, हैदराबाद
दिवसभर गोदामात फ्रीज उचलले. दुपारी नानाचा फोन. चुलता हाय, पण चुलता कमी, गावच्या दूध डेअरीचा चेअरमन जास्त. "सरकारी तपासणी लागलीय. तू सभासद हायस, ये." दोन वर्षं झाली म्हैस विकून, डेअरीला थेंब घातला नाय. तरी म्हणे मी क्रियाशील सभासद. विचारलं, "मी काय क्रिया केली नाना?"
"चेअरमनच्या इलेक्शनला मत कुणाला दिलंस? तीच." लई हसला. मी पण हसलो. तिकीट तोच काढणार. इथं करमत नायच. जातो.

५ फेब्रु., घरी
दौलताबादचा किल्ला दिसला अन् जिवात जीव आला. आई म्हणाली, तपासणी शेजारच्या हसीनाचाचीमुळं लागली. डेअरी तिच्या दुधाला फॅट कमी लावती, म्हणजे भाव कमी. बोलली तर नाना म्हणतो, दुसरीकडं घाल. दुसरीकडं कुठं घालणार? गावात डेअरी एकच. मग तिनं शहरात निबंधक ऑफिसला अर्ज दिला. निम्मे सभासद पुण्या-हैदराबादला, गोठ्यात शेपूट नाय, अन् त्यांच्या मतावर नाना चेअरमन.
"खरं तेच बोलली बाई," आई म्हणाली. मग माझ्याकडं बघून चुलीकडं वळली.
नानाचा हुकूम: उद्या तपासणी, दारात जनावर पाहिजे, नायतर सभासदकी जाईल. "मैनाच आण. तुला वळखती." मैना म्हणजे आमचीच म्हैस. आता चाचीची. तिनंच घेतलेली.

६ फेब्रु.
लिहू वाटत नाय.
सकाळी चाचीकडं गेलो. म्हणलं, "मैनाला तळ्यावर धुऊन आणतो."
"ले जा बेटा, तेरीच तो थी. देख, पैचानती तेरे कू." मैना माझा हात चाटत होती.
धुतली. खरंच धुतली, घासून. अन् आमच्या दारात बांधली.
मॅडम आल्या. ऑफिसर, पण साध्या, चपलेला चिखल. "म्हैस कुणाची?"
"माझी."
"नाव?"
"मैना." नुसतं नाव घेतलं तर मान वळवून माझ्याकडं आली. मॅडम हसल्या. "आता काय विचारायचं राहिलं!"
मग नाना म्हणाला, "चला मॅडम, अर्ज दिलेल्या बाईचा गोठा पण बघून घ्या."
तवा माझ्या डोक्यात उजेड पडला, मैनाच का आण म्हणाला ते. चाचीकडं दुसरं जनावर नाय.
गोठ्यात रिकामं दावं. मॅडम म्हणाल्या, "जनावर कुठंय?"
"धुवायला नेलंय, पोरानं."
"कोणत्या पोरानं?"
मी गोठ्याच्या दारातच उभा. तिथनं आमचं घर दिसतं, दारातली मैना पण. वरडत होती. चाचीनं तिकडं बघितलं, मग माझ्याकडं.
"येईल. चांगला पोरगा हाय." एवढंच. नाव नाय घेतलं.
नाना म्हणाला, "म्हैस नाय अन् तक्रार हाय!" सगळे हसले. मी...
संध्याकाळी मैना नेऊन बांधली. चाची वैरण टाकत होती. "च्या पिता क्या?" पिलो. शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

९ फेब्रु., हैदराबाद
हातातनं फ्रीज सुटला. सुपरवायझर बोलला ते कानात गेलंच नाय. सारखं "चांगला पोरगा" ऐकू येतंय.

१७ फेब्रु.
आईचा फोन. चाचीला नोटीस आली, तुम्हाला अक्रियाशील का ठरवू नये. नानानं निकालाची वाट पण नाय बघितली, तिचं दूध घेणं बंद. रोज दूध घालणारी ती अक्रियाशील, अन् मी क्रियाशील. चाची आता दूध विरजती, गल्लीत ताक वाटती.
"आपल्याकडं पण देती?"
"रोज. मी नाय पीत." मग आई म्हणाली, "तू आलास की तूच पी." फोन ठेवला.

२१ फेब्रु.
नानाचा फोन. २७ला शहरात सुनावणी, निबंधक ऑफिसात. "मॅडमपुढं एकदा म्हण, म्हैस माझी. मिटलं. तुला परत त्रास नाय."
म्हणलं येतो. येऊन काय म्हणणार ते त्यानं विचारलं नाय, मी पण सांगितलं नाय.

२७ फेब्रु., निबंधक ऑफिस, बाकावर
नाना पांढऱ्या कपड्यात, शिपायाशी हसतोय. चाची एकटी एसटीनं आली. मला बघून सरकली, जागा केली. बसलो.
मग म्हणाली, "मैना दूध चोरती आजकाल. तू गया तबसे. पान्हाच नै छोडती. घर आया तो एक बार आवाज दे उसकू."
हां म्हणलं.
नाना येऊन कानाशी, "काय म्हणती? ऐकू नको तिचं. ध्यानात हाय ना? म्हैस माझी. दोन शब्द."
दोनच शब्द. तवा तर एकच बोललो होतो.
शिपायानं पुकारलं. आधी चाचीचं नाव. गुडघे धरलेत तिचे, माझ्या खांद्यावर भार देऊन उठली, आत गेली.
त्याच खांद्यावर आता नानाचा हात हाय. दाराला फट हाय, मॅडमचा आवाज येतोय. तेच विचारतायत, म्हैस कुणाची.
पुढचं नाव माझं.