निकालात न बसलेली वगार

बोथ,
संक्रांतीनंतरचा मंगळवार, १९८७

श्रीयुत उद्धवराव यांस देवाजीचा नमस्कार. (पाकिटावर सवयीनं 'व्याहीबुवा' लिहून बसलो, मग आठवलं की ते नातं आदिलाबादच्या कोर्टानं मागच्या महिन्यातच काढून घेतलं. पाकीट वाया जाऊ नये म्हणून तसंच राहू दिलं.)

तुमच्या गुडघ्याचं कसं आहे? एरंडाचं पान बांधता, की नुसतेच कण्हता? तुळजाबाईंचा खोकला थंडीनं वाढला असेल. भगवानराव भैंशाला कापसाच्या जिनिंगात खुशाल असतील. आता जावई म्हणून त्यांची चौकशी करायचा हक्क मला नाही, म्हणून करत नाही. (खुशाल आहेत ना?) आणि भुरीची ती लहानगी वगार कशी आहे? पिते का? कोणाचं पिते? या शेवटच्या प्रश्नाचा राग मानू नये, पुढे खुलासा येतो आहे. इकडे आमची रेणू बरी, मी बरा. भुरी म्हैस बरी नाही.

आंदणाचं सामान न्यायला आम्ही मुधोळला आलो, त्या दिवशी तुम्ही जे गोठ्यात जाऊन बसलात ते बाहेर आलाच नाहीत. तेव्हा ओसरीवर काय झालं ते तुम्हांला ठाऊक नसेल. कोर्टाचे अमीनसाहेब निकाल वाचून दाखवत होते: लग्नात मुलीला दिलेली पितळी भांडी, पलंग, लोखंडी कपाट, म्हैस एक. तुळजाबाई एकेक भांडं घासून आणत आणि देण्याआधी भरत. घागरीत तूरडाळ, परातीत मिरची, हंड्यात ज्वारी. अमीनसाहेब म्हणाले, "अम्मा, ज्वारी डिक्री में नहीं है." बाई म्हणाल्या, "लेकीच्या हाती रिकामं भांडं देतेत काय? तुमाले काढाची तं काढा, माया हातानं निंघत नाही." साहेबांनी बाह्या सारल्या, तोवर चहा आला. पुढे कपाटही भांड्यातच धरलं गेलं, त्यात शेवया निघाल्या. (साहेबांच्या जेवणाच्या डब्यात तिळाचे लाडू निघाले, असं त्यांचा शिपाई सांगत होता. तेही डिक्रीत नव्हते.) हंडा चौघांना उचलेना आणि आमची मॅटाडोर भैंशाच्या अलीकडेच बसली. नवरा-बायकोनं राजीखुशीनं सोडचिठ्ठी घेतली आणि सासूनं सुनेची पुन्हा एकदा पाठवणी केली, असा तो प्रकार. माझ्या उभ्या आयुष्यात असं सामान जप्त झालेलं मी पाहिलं नाही.

पण एवढ्या सगळ्या जास्तीच्या वस्तूंना सोडून साहेब अडले ते वगारीवर. "म्हैस एक लिखा है, दो नहीं." गोठ्यात तुम्ही वगारीचं दावं हातात धरून बसला होतात. ते सोडलं नाहीत. (मीही ओढलं नाही. दोन म्हातारे एका वगारीपायी भांडले, असं मुधोळात व्हायला नको.)

आता इथली हकीकत. रेणू म्हणते, "बापू, मले दुसरं लगन नोको. म्या दुधाचा धंदा करतो." शाळेच्या मास्तरांकडे, तहसिलातल्या कारकुनांकडे सोमवारपासून रतीब घालायचा शब्द तिनं देऊन टाकला आहे. आणि भुरीला पान्हाच फुटत नाही. सरकी झाली, पेंड झाली, गूळ झाला. मी एकदा धारेला बसलो, तर बादली कुंपणापलीकडे गेली आणि मी कुंपणापर्यंत. शेवटी आदिलाबादेस जाऊन माणिकराव वकिलांना विचारलं. ते म्हणाले, कायदा लग्नाच्या सुमारास मिळालेल्या वस्तूंचा आहे, वगार नंतरची आणि तुमच्या गोठ्यात जन्मलेली. मी म्हटलं, साहेब, त्याच कायद्यात पाच वर्षांखालचं लेकरू आईजवळ राहावं असं आहे ना? त्यांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला आणि मला पाणी दिलं. म्हणजे मुद्दा त्यांना पटलेला दिसतो.

परवा हंड्याभोवती गुंडाळलेलं तुळजाबाईंचं जुनं लुगडं सापडलं. (भुरीची धार त्या हेच नेसून काढत ना?) रेणूनं ते नेसलं, डोक्यावरून पदर घेतला आणि धारेला बसली. भुरीनं हुंगलं, अर्धी बादली दूध दिलं, मग मान वळवून तोंड पाहिलं आणि लाथ घातली. रेणू खूप हसली. संध्याकाळपर्यंत मात्र तिनं ते लुगडं सोडलं नाही.

तर वगारीचा विचार व्हावा, ही विनंती.

आपला,
देवाजी

ता. क. वगार लहान आहे, एकटी येणार नाही. ओळखीच्या माणसानं सोबत यावं. तुमच्या गुडघ्याला एवढा प्रवास झेपायचा नाही आणि भगवानरावांना भुरी ओळखत नाही (तीन वर्षांत गोठ्यात कितीदा आले? घरात तरी कितीदा आले?). मग उरतं कोण, ते तुम्हीच पाहा.

ता. क. दुसरा. हे पत्र रेणूला वाचून दाखवलं. ती म्हणाली, "बापू, वगारीचं काऊन येवढं लांबवलं? आत्याबाईले चार दिस पाठवा, असं लिवा ना. म्या नवऱ्याले सोडलं, त्यायले नाही." तेव्हा वगार जमली तर पाठवा, नाही तर राहू द्या. तुळजाबाईंना पाठवाच. सामानात तुमचा एक डबा इकडे आला आहे, तो त्यांच्या हाती परत देऊ. भरून.

ता. क. तिसरा. सोमवारच्या आत उत्तर लिहा. पाकिटावर बेलाशक 'व्याही' लिहा, पोस्टमनला अजून निकाल कळलेला नाही.