फ्रिजमधल्या डब्यातली चार मिनिटे

मी, अडेला प्रूइट, वय ६८, धंदा चित्रपटांचे संकलन, राहणार लॉस एंजेलिस, डोके शाबूत असताना, कोणाच्याही दडपणाविना लिहून ठेवते की माझ्यामागे असे व्हावे.

घर आणि बँकेतली शिल्लक भाची कोराला. मागचे लिंबाचे झाड तोडू नये. कुऱ्हाड दिसली की तिच्या नवऱ्याचे हात शिवशिवतात, म्हणून मुद्दाम लिहिले.

कात्री, पांढरे हातमोजे आणि फिल्म जोडायचा साचा स्टुडिओतल्या संकलक मुलींना. निर्माता हॉलिस ट्रेंट यास काही नाही. जन्मभर तो मला "बाई, कापा" एवढेच म्हणाला.

फ्रिजमध्ये लोण्याशेजारी असलेला पत्र्याचा डबा नटी इल्का मारोश हिला. शेगडीपासून लांब ठेवावा, ती फिल्म भडकन पेटते. आमच्या १९३२ च्या हेरपटाचा तो खरा शेवट आहे: हेर झालेली इल्का शत्रूच्या कप्तानाचा हात धरून सरहद्द ओलांडते. १९३५ साली चित्रपट पुन्हा लावायचा ठरला, तेव्हा सेन्सॉरवाले म्हणाले, हेरगिरी करून वर सुख? बाईला शिक्षा हवी. ट्रेंटने जुना शेवट जाळायला सांगितला; मी तो चोरून घरी आणला. इल्काचा करार संपला होता. मग नव्या शेवटासाठी तिचा कोट घालून, भिंतीकडे तोंड करून मीच उभी राहिले आणि खोटी गोळी खाल्ली.

इल्काने ते थिएटरात पाहिले आणि तडक माझ्या दारात आली. "ती पाठ तुझी आहे, अडे! माझ्या जागी मेलीस ती मेलीस, वर मला विचारलंही नाहीस?"

डबा घरात होता, तरी नोकरीच्या भीतीने मी गप्प बसले. तेव्हापासून एकोणतीस वर्षे अबोला. चूक माझीच. मी मेल्यावर तरी तिने तो शेवट पाहावा आणि मला माफ करावे, एवढीच इच्छा.

सहीपूर्वीची नोंद: पत्ता पक्का करायला वकील बर्नेट यांनी आज इल्काला माझ्या घरी बोलावले. तिने हे सगळे वाचले आणि साक्षीदाराच्या जागी सही ठोकली.

"अहो बाई, साक्षीदाराला मृत्युपत्रातलं काही मिळत नसतं!" वकील ओरडले.

"नकोच आहे मला. ही मेल्यावर बघू कुणाबरोबर? काढ गं तो डबा."

माझ्या घरच्या संकलनाच्या यंत्रात एका वेळी एकीलाच दिसते. ती बसली, मी यंत्र चालवले. चार मिनिटे ती काचेला डोळा लावून होती. मग डोळे पुसत म्हणाली, "ओलांडली गं सरहद्द. ऊठ, आता तू बस."

सबब डब्याचे कलम बाद समजावे.

सही: अडेला प्रूइट
साक्षीदार: १) इल्का मारोश २) वॉल्टर बर्नेट, वकील
लॉस एंजेलिस, ९ एप्रिल १९६४