टोपाचा आणि साबणाचा काही संबंध नाही

८ जानेवारी, दुपार
लिहायला उशीर झाला, माफी असावी. नवीन वर्षापासून रोज लिहायचं ठरलं होतं, पण हाताला पट्टी होती. आता मी माफी कोणाची मागतोय? वही माझी, पेन माझं. तरी मागून ठेवलेली बरी.

मोठी बातमी: घरच्या घरी साबण बनवायला घेतला आहे. मोबाईलवर एक मुलगी शिकवते, खास नवशिक्यांसाठी. मी नवशिका नाही. सातवीत शाळा सुटली ती मिठागरामुळे. तिथे पाण्याकडे नुसतं बघून सांगायचो मीठ कधी धरणार. ती केमिस्ट्रीच होती. तेव्हा तिचं नाव कोणी सांगितलं नाही, एवढंच.

छोटी बातमी: गोजरा ऐरोलीला गेली आहे, आमच्या जागृतीकडे. हवापालट. नेरूळची हवाही खाडीची आणि ऐरोलीचीही, पण बायकांना लेकीकडची हवा जास्त मानवते.

९ जानेवारी
टोपाबद्दल लिहून ठेवतो, म्हणजे उद्या कोणी वेगळं सांगायला नको.

कॉस्टिक सोडा टोपातल्या पाण्यात सोडला. पाणी आपोआप तापलं. इथपर्यंत मुलगी सांगते तसंच. मग टोप फसफसायला लागला. वास सुटला, बूड काळं पडलं आणि गळायला लागलं. अॅल्युमिनियमचं भांडं घेऊ नका असं मुलगी म्हणते, पण व्हिडिओच्या शेवटी म्हणते. ही काय शिकवायची पद्धत झाली?

टोप गोजराचा. ती आमच्या आळीची धवलारीण, लग्नात धवले गाते. पहिल्यांदा गायली त्याच्या बिदागीतून घेतलेला टोप. जुना होता. आज ना उद्या गेलाच असता.

जाताना म्हणाली, टोप व्हता तसा करून ठेवा, मंग येते. आवाज चढवला नाही. चढवला असता तर बरं वाटलं असतं.

ठरलं. फोन मी करणार नाही. साबण झाला की तीच करील.

९ जानेवारी, रात्री
गॅसचा रेग्युलेटर पुन्हा बघून आलो. सोड्याचा डबा बाल्कनीत ठेवला. मग वाटलं, ऊन लागून फुटला तर? मोरीत ठेवला. मोरीत पाणी. आता जेवणाच्या टेबलावर आहे, डोळ्यांसमोर. मी घाबरलेलो नाही.

१४ जानेवारी, संक्रांत
जागृतीचा व्हिडिओ कॉल. बाबा, तिळगूळ घ्या. मागे गोजरा दिसली, पाठमोरी. पाठीवरून तब्येत बरी वाटली.

जागृतीने विचारलं, बाबा, जेवता काय? मी म्हटलं, सगळं. (खिचडी.) ती म्हणाली, मागच्या वर्षी आईच्या साड्यांच्या कपाटात मशरूम लावलेत, तेव्हाही ती काही बोलली नव्हती. मशरूमचा इथे काय संबंध?

१५ जानेवारी
दुसरा घाणा. स्टीलचं पातेलं. मुलगी तेल आणि सोडा ग्रॅममध्ये मोजायला सांगते. एवढं बारीक मोजणं सोनाराला ठीक. मी वाटीने घेतलं आणि सोडा थोडा जास्त टाकला. कमी पडायला नको.

वरून दोन चमचे हळद. कारण गोजराचे हात. मासळी साफ करून, भांडी घासून तिच्या बोटांना भेगा पडतात आणि बाजारच्या साबणाने त्या झोंबतात. म्हणून तर हा सगळा उद्योग. हे तिला सांगितलेलं नाही. साबण हातात देऊनच सांगणार होतो.

हळद पडली आणि मिश्रण लालभडक झालं. दचकलो. मग लक्षात आलं, हा रंग कुंकवाचा. आत घातली हळद, बाहेर आलं कुंकू. नाव आपोआप सुचलं: हळदीकुंकू साबण. अशी नावं शोधायला कंपन्या माणसं ठेवतात.

१६ जानेवारी
डोकं काल रात्रभर चाललं. संक्रांतीनंतर रथसप्तमीपर्यंत बायकांचं हळदीकुंकू असतं आणि त्यात वाण देतात. वाण म्हणून साबण. बिल्डिंग आपली, भाडेकरू आपले, गिऱ्हाईक जिन्यातच. बिल्डिंगच्या ग्रुपवर मेसेज टाकला: रविवारी सौ. गोजराबाईंकडे हळदीकुंकू, सर्वांनी यावे.

आता तिला यावंच लागेल. मी बोलावलं असं होत नाही. फोनही केलेला नाही.

२० जानेवारी
मुलगी म्हणते, साबण महिनाभर मुरू द्या. तिच्याकडे रथसप्तमी नसेल.

दुसऱ्या मजल्यावरच्या दिनानाथला एक वडी वापरून बघायला दिली. संध्याकाळी म्हणाला, काका, साबण झणझणीत आहे. मिसळीला म्हणतात तसं म्हणाला. चांगलंच म्हणाला असणार. हाताला क्रीम का लावलं होतं ते विचारलं नाही.

२३ जानेवारी
खालच्या गाळ्यातले सादिकभाई आले. त्यांचं पूर्वी अत्तराचं दुकान होतं. साबणासाठी गुलाबाचं अत्तर मागितलं होतं. बाटली दिली आणि म्हणाले, शिवाभाऊ, ह्यात साबण बुडवू नका, शर्टाला लावा. भाभी आल्या तर आधी चांगला वास तुमचा येऊ दे. मी म्हटलं, ती येणारच आहे. ते म्हणाले, मग टेन्शन कशाला घेता? मी टेन्शन घेतलेलं नाही. शर्ट मात्र इस्त्रीला दिला.

२५ जानेवारी, रविवार, रथसप्तमी
गोजरा आली.

दारातच म्हणाली, मेसेजमदी नाव माजं दिलंय म्हनून आले, घरासाठी नाय. पिशवीत वाण आणलं होतं. चहाच्या गाळण्या. माझ्या वड्या टेबलावर तशाच राहिल्या.

एक वडी बेसिनवर मी आधीच ठेवली होती, सहज. दिनानाथच्या बायकोने हळदीची बोटं त्या वडीने धुतली, तर फेस लाल. रक्त आलं, रक्त आलं, म्हणून बाई खालीच बसली. गोजराने तिचे हात नळाखाली धरले आणि माझ्याकडे न बघता म्हणाली, काय नाय गं, हळदीत चुना पडला तरी कुंकूच व्हते, याच्यात यांनी नवीन शोध काय लावला? सगळ्या हसल्या. मीही हसलो, उगाच वेगळं दिसायला नको.

मग एकटी सापडली तेव्हा वडी तिच्यापुढे धरली. म्हटलं, तुझ्या हातांसाठी. तिने हात पुढे केले, पण वडी घेतली नाही. नुसते दाखवले. मऊ होते. एक भेग नाही.

म्हणाली, जागृतीकडं भांड्याला बाई हाय.

सातच्या आत जावई गाडी घेऊन आला. शर्टाच्या अत्तराचा वास रात्रभर मलाच येत राहिला.

२७ जानेवारी
दिनानाथ आनंदात भेटला. काका, साबणाने मोरी मोकळी झाली, किती दिवस तुंबली होती. अजून एक वडी मिळेल का? सगळ्या दिल्या. धंदा बंद केलेला नाही. माल संपला, इतकंच.

२९ जानेवारी, संध्याकाळ
बाजारातून टोप आणला, त्याच मापाचा. दुकानदाराला विचारलं, जुना दिसेल असा आहे का? तो म्हणाला, काका, लोक नवीन मागतात.

खिचडीचं पातेलं घासलं. करपलेलं निघायला वेळ लागला. बोटं झोंबली. हे ती रोज करायची आणि मी बाहेर बसून केमिस्ट्री बघायचो.

फोन करणार नाही म्हटलं होतं, केलेला नाही. मेसेज लिहिलाय. मेसेज म्हणजे फोन नव्हे. जागृतीला पाठवतोय, आईला वाचून दाखव म्हणून:

टोप होता तसा झाला नाही. होणारही नाही. नवा आणलाय, स्टीलचा. भांडी आजपासून मी घासतोय, बाजारच्या साबणाने. कधी येतेस ते लवकर कळव. लवकर म्हणजे आजच कळवलंस तरी मी जागा आहे.