एका गाठीची दोन नावं

धाकटे, तुला उदंड आशीर्वाद.

इथे दवाखान्यात मला भेटायला सगळ्यांत आधी कोण आलं, सांग! आपली आक्का! तिला जाऊन सात वर्षं झाली, पण डांबरगोळ्यांच्या वासावरून मी लगेच ओळखलं. मागोमाग आई. काय आनंद झाला म्हणून सांगू!

काळजी करू नकोस. नर्सनं एका कागदावर ‘एस्थेसियोन्यूरोब्लास्टोमा’ वाचलं, दुसऱ्यावर ‘ऑल्फॅक्टरी न्यूरोब्लास्टोमा’. मला वाटलं, दोन कॅन्सर झाले! ती हसली, “आजी, गाठ एकच, नावं दोन. वास कळणाऱ्या नसेतून उगवलीय.” म्हणून तर मला फिनेलचाही वास येत नाही.

मग आक्काचा कसा आला गं?

तुझा गुडघा बरा आहे ना?

तुझीच ताई

ता. क. ऑपरेशन गुरुवारी ठरलंय. त्या दोघीही गुरुवारीच परत येतो म्हणाल्यात.