नारळ चुकला तर

॥ श्री ॥
मु. किन्हवली, ता. शहापूर
दि. १० फेब्रुवारी २०२५

चि. हर्षाली हीस,
देवजीमामाचे अनेक आशीर्वाद. वि. वि.

तुझं दिवाळीनंतरचं पत्र येऊन अडीच महिने झाले आणि मी आत्ता उत्तराला बसतोय, त्याबद्दल माफी असावी. मी रागात होतो. रागात लिहिलेलं परत घेता येत नाही, म्हणून राग जायची वाट पाहिली. तो काही गेला नाही. पण तुमच्या पाड्यावर विहीर खणायला घेणार असं कानावर आलं, म्हणून बसलो. फोन केला असता, पण तुझा बाप भगीरथ फोन स्पीकरवर टाकतो आणि सगळं अंगण ऐकतं.

तू लिहिलंस, मामा, नारळ चुकला तर तुम्हाला कसं कळेल? अगं, चाळीस वर्षं मी पाणी दाखवतोय. तळहातावर नारळ आडवा ठेवायचा आणि रान चालायचं. खाली पाणी असेल तिथे तो शेंडी वर करून उभा राहतो. माझ्या बापाचाही असाच हात होता. इथून उंबरमाळीपर्यंत लोक माझ्या जागेवर खणलेल्या विहिरींचं पाणी पितात. एवढ्या वर्षांत असला प्रश्न मला कोणी विचारला नाही. तू विचारलास, कारण मुरबाडच्या कॉलेजात तू तत्त्वज्ञान शिकवतेस आणि तुला दुसरं काम नाही.

तीन विहिरी कोरड्या गेल्या हे खरं आहे. पण एका ठिकाणी मालक चपला घालून खुणेवर उभा राहिला, एका ठिकाणी अमावस्येला कुदळ मारली आणि तिसऱ्याने पाच हात कमीच खणलं. यात नारळाचा काय दोष?

हल्ली ज्याला त्याला माझा नारळ हवा. इथला पुजारी म्हणतो नारळात देवी उभी राहते, म्हणून तो आधी देवळात आणा. फोडल्यावर त्यातली एक वाटी त्याच्या घरी जाते हे तो सांगत नाही. शहापूरहून मशीनवाला येतो, जमिनीत खुंट्या ठोकतो, तारा जोडतो आणि म्हणतो शंभरात साठ वेळा पाणी लागेल. मी असं म्हटलं असतं तर लोकांनी मला बांधावरून हाकललं असतं. आणि तुझा भाऊ प्रणय. भाऊबीजेला मी तुमच्या माळावर खूण केली, त्याचं त्याने रील केलं, मागे नाचाचं गाणं लावलं आणि वर लिहिलं क्वांटम नारळ. दोन लाख लोकांनी बघितलं म्हणे. एका बाईने खाली विचारलंय की हा नारळ स्थळ दाखवतो का.

तरी हे सगळे बरे. मशीनवाला तारा तरी आणतो, पुजारी उदबत्ती आणतो, प्रणय मोबाइल आणतो. तू नुसता प्रश्न घेऊन येतेस, तोही रिकाम्या हाताने. मी सातवी नापास माणूस, पण पाण्याविना शिकलेलाही मरतो एवढं मला कळतं.

खणायला कधी घेताय? अमावस्या टाळा. खुणेजवळ कोणाला चपला घालून जाऊ देऊ नका. मला इथे घास गोड लागत नाही, दिवस कळव.

रागावलो तरी माया आटलेली नाही, हे ध्यानात ठेव.

तुझा मामा
देवजी

---

॥ श्री ॥
ता. मुरबाड
दि. १७ फेब्रुवारी २०२५

ती. देवजीमामा यांस,
सा. न. वि. वि.

तुमचा राग पोचला. अडीच महिने मुरवल्यामुळे चांगला झणझणीत झालाय. आईला वाचून दाखवला, ती पोट धरून हसली आणि म्हणाली, दादा लहानपणीही असाच होता, पतंग कटला की वाऱ्याला शिव्या द्यायचा.

प्रणयला मी विचारलं की क्वांटम म्हणजे काय रे. तो म्हणाला की ते कळत असतं तर लिहिलं कशाला असतं. एवढा प्रामाणिकपणा मला माझ्या वर्गातही मिळत नाही.

आता कामाचं. सोमवारी, तीन मार्चला कुदळ मारायची ठरली आहे. अमावस्या त्याआधीच सरते. बावीस घरांतून घरटी रोज एक माणूस, श्रमदानावर. खाली खडक लागला की सुरुंगवाला येईल. पावसाआधी विहीर झाली नाही तर बायकांना आणखी एक वर्ष ओढ्यावर जावं लागेल, जायला अर्धा तास आणि डोक्यावर हंडे घेऊन यायला पाऊण. गोजरकाकूची कंबर गेल्या वर्षीच गेली. मशीनवाल्याने तुमच्या खुणेच्या बरंच खाली, ओढ्याच्या अंगाला जागा दाखवली होती. बाबांनी त्याला चहा पाजून परत पाठवलं. म्हणाले, देवजीने खूण केली, विषय संपला. मामा, बावीस घरं तुमच्या एका खुणेवर तीन महिने घाम गाळणार आहेत. म्हणून मी विचारलं होतं, खोड काढायला नाही.

मशीनवाला चुकला तर चूक त्याच्या वहीत लिहिलेली असते, म्हणून तर त्याला साठ हा आकडा माहीत आहे. पुजाऱ्याची चूक देवीवर जाते, प्रणयची पुढच्या रीलखाली जाते. तुमची कुठे जाते? चपलेत, अमावस्येत आणि पाच हातांत. असं असेल तर नारळ कधीच चुकू शकत नाही, आणि जो कधीच चुकू शकत नाही तो बरोबर आहे हे तरी कसं ओळखायचं? आमचा विषय एवढाच आहे. हात रिकामे आहेत हे कबूल.

एक करून बघाल? तुमच्या स्वतःच्या वावरात, जिथे विहीर आहेच. मामीला डोळे बांधायला सांगा, तिने दोनदा गरकन फिरवावं आणि मग तुम्ही नारळ घेऊन चालावं. नारळ विहिरीपाशीच उभा राहिला तर मी माझ्या वर्गातली सगळी मुलं घेऊन किन्हवलीला येईन आणि तुमच्यासमोर मांडी घालून बसेन.

मामीला नमस्कार. तुमच्या ओरडण्यावर माझा हक्क आहे, तो काढून घेऊ नका.

आपली भाची
हर्षाली

---

॥ श्री ॥
किन्हवली
दि. २७ फेब्रुवारी २०२५

चि. हर्षाली हीस,
अनेक आशीर्वाद. वि. वि.

तुझं पत्र चुलीत घालत होतो, तुझ्या मामीने हातातून ओढून घेतलं. तिला वाचता येत नाही, म्हणून मलाच वाचून दाखवायला लावलं. मी म्हटलं, कॉलेजातल्या बाईची खाज आहे, डोळे बांधून माणूस काय आंधळी कोशिंबीर खेळणार? मामी उपरणं घेऊन आली. तुझं तोंड बंद करावं म्हणून मी उभा राहिलो.

आधी उघड्या डोळ्यांनी तीनदा चाललो. तीनही वेळा नारळ विहिरीच्या वरच्या अंगाला, एकाच जागी उभा राहिला. मग मामीने डोळे बांधले. पहिल्यांदा तो खळ्यावर उभा राहिला, जिथे वीतभर खाली कातळ आहे. दुसऱ्यांदा गोठ्याच्या दारात. तिसऱ्यांदा मामीने मला कोपराला धरून विहिरीच्या काठाकाठाने नेलं. पाण्याचा गारवा नाकाला लागला तरी नारळ हातावर झोपलेला. मी म्हटलं, तू मध्ये बोललीस म्हणून असं झालं. तेव्हा ती म्हणाली, "नारळ तुमचं ऐकतोय, पान्याचं नाय."

तीन दिवस मी घरात टेकलो नाही. वावरातच बसून होतो. तिथून समोर बघितलं तर विहिरीच्या वरच्या अंगाला उंबर आहे, पलीकडे वारूळ आहे आणि सगळं रान वाळलं तरी तेवढ्या पट्ट्यात हरळी हिरवी आहे. माझा बाप सांगायचा, झाडाकडे बघू नको, नारळाकडे बघ. मी चाळीस वर्षं नारळाकडेच बघतोय असं समजत होतो. डोळे आपलं काम करत होते आणि मान नारळाला मिळत होता.

आता जे लिहितो ते मामीखेरीज कोणाला ठाऊक नाही. फोनवर ते तोंडातून निघालं नसतं. दिवाळीत माझ्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू होता. भाऊबीजेला तुमच्या माळावर मला माणूस तेवढा दिसायचा, झाड कुठलं ते दिसायचं नाही. पौषात उंबरमाळीला सोयऱ्याकडे जातो असं सांगून मी शहापूरला शिबिरात डोळ्यांचं ऑपरेशन करून घेतलं. पाणाड्याला दिसत नाही म्हटल्यावर कोण बोलावणार? डोळे बांधल्यावर जसा काळोख झाला, त्याहून थोडाच उजेड मला तुमच्या माळावर होता. ती खूण मी केली नाही. कुठेतरी हात दमला आणि नारळ उभा राहिला. सगळे टाळ्या वाजवायला लागले, मग मीही मान हलवली.

तुझं तत्त्वज्ञान मला पटलं असं समजू नकोस. एवढ्याशा गोष्टीसाठी कॉलेज कशाला लागतं, उपरणं पुरतं. मशीनवालाही मला अजून पोरकटच वाटतो, माती हातात घेऊन वाससुद्धा घेत नाही. आणि प्रणयला सांग, ते रील आजच्या आज काढ, नाहीतर येऊन मोबाइल ओढ्यात टाकीन.

पण सोमवारी त्या खुणेवर कुदळ पडता कामा नये. हे पत्र तुझ्या बापाला सगळ्यांसमोर वाचून दाखव, मोतीबिंदूचंसुद्धा. काही गाळू नकोस. गाळलंस तर त्याला वाटेल मी मशीनवाल्याला घाबरलो, आणि तो हट्टाने तिथेच खणेल. रविवारी मला यायचं आहे. नारळ आणणार नाही. उघड्या डोळ्यांनी माळ फिरेन आणि मशीनवाल्याने दाखवलेली जागाही बघेन. तिथे मला काही दिसलं तर तसं सांगेन, दिसलं नाही तर तेही सांगेन. शंभरात किती, ते मला सांगता येणार नाही. माझ्याकडे वही नाही.

भगीरथ मला उंबरठ्याच्या आत घेईल की नाही याची धास्ती आहे. त्याने चारचौघांत माझ्या नावावर शब्द दिला होता. गोजरबाईला तोंड कसं दाखवू तेही कळत नाही. शेजारचा वाल्मिक उद्या मुरबाडच्या बाजाराला निघालाय, त्याच्या हाती हे पत्र देतो. तो दुपारपर्यंत तिथे थांबेल. काम थांबलं का आणि मी येऊ का, एवढं दोन ओळींत लिहून त्याच्याच हाती पाठव. उशीर करू नकोस.

तुझा मामा
देवजी