शालनच्या नवऱ्याचा दगड

१२ मार्च २००२, अवसरी बुद्रुक

आज शेजारच्या शालनसोबत तिच्या नवऱ्याच्या स्मारकावर गेले. लढाईत गेला तो. दगड धुताना ती कोरलेल्या नावातली धूळ बोटाने काढत होती. मला बघवेना. माझा नवरा नौदलातला, बोटीसकट बुडाला, प्रेतही मिळालं नाही. मी काय धुवायचं?

शेवटी बोललेच, "तुझं बरं हाय बाई. हात ठेवायला दगड तरी हाय."

शालन थांबली. "मी तर तुझा हेवा करते. मी त्यांना पेटीत बघितलं. तुला अजून दार वाजलं की तेच आले वाटत असंल, न्हाई?"

"व्हय," म्हणाले.

खोटं बोलले. कधीचं तसं वाटायचं थांबलंय. पण तिने हेवा करावा असं माझ्याकडेही काहीतरी असू दे.