आईनं सोडलेली जागा

चि. दत्तप्रसाद,

आशीर्वाद लिहवत न्हाई. हे पत्रबी धाडणार न्हाई. धाडलं तर त्याच्यावरबी पुस्तक लिहिशील.

तुझं चित्रकलेवरचं पुस्तक वाचलं. आत आपल्या भिंतीचा फोटो हाय. दिवाळीला घरातला प्रत्येकजण तांदळाच्या पिठात बुडवून हात उमटवतो, तीच भिंत. मधल्या रिकाम्या जागेवर तू पानंच्या पानं लिहिलीस. शून्य म्हणे, मौन म्हणे.

अरे, ती तुझ्या हाताची जागा! "दत्तू आला की उमटवंल," म्हणून आई दरसाल सोडायची. तुला घर आठवावं म्हणून फोटोबी तिनंच धाडायला लावला.

गेल्या साली आई गेली, तवाबी आला न्हाईस. यंदा तिथं मी माझाच दुसरा हात उमटवला. तुझं शून्य बुजवलं.

केशरअक्का,
नंदिगड्डे